वाफसा धरून पाणी: घरच्या बागेतल्या बहुवर्षायू फुलझाडांसाठी

अनंताचं पहिलं झाड मी पाणी घालघालून मारलं. कमरेएवढं, कळ्यांनी लगडलेलं, कुंडीतलं झाड. पानं जरा मलूल दिसली की मी तांब्याभर पाणी घालायचे. दुसऱ्या दिवशी आणखी मलूल दिसली की दोन तांबे. पंधरवड्यात कळ्या न उमलताच गळाल्या, पानं पिवळी पडली. शेवटी झाड कुंडीतून उपसलं तेव्हा नाकात डबक्याचा वास शिरला. मुळं काळपट तपकिरी. एक मूळ चिमटीत धरून ओढलं, तर वरची साल मोज्यासारखी सुटून हातात आली आणि आत दोऱ्यासारखी शीर तेवढी उरली. वर झाड तहानलेलं दिसत होतं आणि खाली ते गुदमरत होतं.

मुळांनाही श्वास लागतो. मातीच्या कणांमधल्या सगळ्या पोकळ्या पाण्याने भरल्या की प्राणवायू मिळत नाही, मुळं काम थांबवतात, आणि भोवती पाणीच पाणी असूनही ते वर चढत नाही. म्हणून जास्त पाण्याने मरणारं झाड आणि पाण्यावाचून मरणारं झाड सुरुवातीला सारखंच दिसतं. शेतकऱ्यांकडे या दोन टोकांच्या मधल्या स्थितीसाठी नेमका शब्द आहे: वाफसा. जास्तीचं पाणी निथळून गेलंय, मोठ्या पोकळ्यांत हवा शिरलीय आणि बारीक पोकळ्यांत ओल टिकून आहे, ती वाफशाची माती. मुठीत दाबली तर गोळा होतो, टिचकी मारली तर फुटतो, तळहाताला चिखल लागत नाही. फुलझाडाला पाणी घालायचं ते माती या स्थितीत ठेवण्यासाठी. बाकी सगळा तपशील. तपशील मात्र बराच आहे.

झेंडूसारखी हंगामी झाडं काही महिन्यांत आटपतात. गुलाब, जास्वंद, मोगरा, अनंत, सोनचाफा, बोगनवेल, प्राजक्त ही मंडळी एकाच जागी वर्षानुवर्षं राहतात. त्यांना रोज वरवर शिंपडून पाणी दिलं तर मुळं वरच्याच चार बोटांत पसरतात, आणि एक कडक आठवडा आला की माना टाकतात. खोलवर भिजवून मध्ये थोडी उसंत दिली तर मुळं ओलीच्या मागे खाली जातात. हे वळण पहिल्या वर्षी लावावं लागतं.

आधी माती बघा

ओलसर माती हातात घ्या आणि तळव्यांमध्ये वळून तिची सुरळी करा. सुरळी होतच नाही, माती सांडून जाते आणि बोटांना खरखर लागते: रेताड. लांब, गुळगुळीत, वाकवली तरी न तुटणारी सुरळी होते: चिकणमाती. सुरळी होते पण वाकवताना तुटते: पोयटा, म्हणजे नशीब चांगलं. या एका मिनिटाच्या परीक्षेवर पुढचं सगळं गणित उभं आहे, आणि तरी ती फारसं कोणी करत नाही.

दुसरी परीक्षा निचऱ्याची. साधारण ३० सेंटीमीटर खोल आणि तेवढाच रुंद खड्डा खणा, पाण्याने भरा आणि पूर्ण जिरू द्या. मग पुन्हा भरा आणि काठी उभी करून दर तासाला पातळी किती उतरते ते पाहा. तासाला दोन-पाच सेंटीमीटर उतरत असेल तर छान. दुसऱ्या दिवशीही खड्ड्यात पाणी दिसत असेल तर अनंत, गुलाब, शेवंती असलं काही तिथे लावू नका. लावायचंच असेल तर माती चढवून उंचवटा करा आणि त्यावर लावा. निचरा नसलेल्या जागी पाण्याचं कितीही काटेकोर वेळापत्रक पाळलं तरी उपयोग होत नाही.

पाणी द्यायचं की नाही

वारावर जाऊ नका. «दर दोन दिवसांनी» हे उत्तर ऐकायला सोपं, पण ढगाळ आठवड्यात ते जास्त होतं आणि वाऱ्याच्या आठवड्यात कमी पडतं. वार फक्त तपासण्यासाठी धरा. आज तपासायचं, गरज असेल तरच पाणी.

तपासायचं बोटाने. तर्जनी दोन पेरं मातीत खुपसा. कुंडीत तेवढ्यापर्यंत कोरडं लागलं तर पाणी द्या. जमिनीतल्या मोठ्या झाडाला बोट पुरत नाही. तिथे खुरप्याने आळ्याच्या कडेला वीतभर खोल उकरून चिमूटभर माती बाहेर काढा आणि मुठीत दाबून पाहा. गोळा होतोय तोवर थांबा. उकरायचा कंटाळा असेल तर सालीशिवायची लाकडी काठी खोल रोवून दहा मिनिटांनी काढा. ओल असेल तिथपर्यंत ती गडद झालेली असते आणि तिला माती चिकटलेली असते.

कोकोपीट घातलेल्या कुंडीत नजर हमखास फसते. वरचा थर फिकट तपकिरी, कोरडाठाक दिसतो आणि खाली दोन बोटांवर पिळून पाणी निघेल इतकी ओल असते. माझ्या ओळखीत जितकी झाडं पाण्याने गेली, त्यातली बरीच कोकोपीटचा वरचा रंग बघून पाणी घातल्यामुळे गेली.

कुंड्यांसाठी मला सगळ्यात भरवशाचं वाटतं ते वजन. पाणी घालून निथळल्यावर कुंडी दोन्ही हातांनी किंचित उचलून बघा. पुढे रोज उचला. तीन-चार दिवसांत हाताला फरक कळायला लागतो. मी एकदा हौसेने माणसं वजन करतात त्या काट्यावर दहा इंची प्लॅस्टिकची कुंडी ठेवली होती. निथळल्यानंतर ८ किलो, आणि जास्वंदीने पानं जरा सैल सोडली तेव्हा ६ किलोंच्या आसपास. लिटरभर पाण्याचं वजन एक किलो, म्हणजे झाडाने आणि हवेने मिळून दोन लिटर पाणी नेलं होतं. मोठी कुंडी उचलवत नसेल तर एका बाजूने नुसती कलती करून पाहिली तरी अंदाज येतो.

आणि भर दुपारी झाडाकडे बघून निर्णय घेऊ नका. कडक उन्हात मोठ्या पानांची झाडं पानं लोंबवतात, कारण पानांतून पाणी जितक्या वेगाने उडतं तितक्या वेगाने मुळं ते पुरवू शकत नाहीत. जमिनीतलं झाड असेल तर संध्याकाळी पुन्हा बघा. ऊन उतरल्यावर ते ताठ झालं तर काही करायचं नाही. सकाळीही पानं लोंबलेलीच असतील तर मात्र तहान खरी आहे, नाहीतर मुळांना काही झालंय. कुंडीतल्या झाडाला ही सवलत नाही. दुपारी पानं पडलेली आणि माती कोरडी असेल तर लगेच पाणी द्या. संध्याकाळची वाट पाहण्याइतका साठा कुंडीत नसतो.

किती द्यायचं

एक आकडा पाठ करून ठेवा: एक चौरस मीटर जागेवर एक मिलिमीटर पाणी म्हणजे एक लिटर. पावसाचं असो की नळीचं, हिशोब तोच.

वाढत्या हंगामात जमिनीतल्या फुलझाडांना आठवड्याला साधारण २५ मिलिमीटर पाणी, असा एक अंदाज बागकामात नेहमी धरला जातो. सुरुवातीला तो ठीक आहे. आता आळ्याचं क्षेत्रफळ काढा. ६० सेंटीमीटर व्यासाचं गोल आळं म्हणजे ०.२८ चौरस मीटर, म्हणून पाणी सुमारे ७ लिटर. ९० सेंटीमीटर व्यासाचं आळं दिसायला दीडपट, पण क्षेत्रफळ ०.६४ चौरस मीटर, म्हणून पाणी १६ लिटर, दुपटीहून जास्त. झाड वाढलं, आळं रुंदावलं, पण पाणी जुन्याच मापाने चाललंय, ही चूक इथूनच होते. कडक उन्हाळ्यात आणि वाऱ्यावर हा अंदाज वाढतो, थंडीत निम्म्यावर येतो.

तेच २५ मिलिमीटर पाणी रेताड मातीत अंदाजे ३० सेंटीमीटर खोल जातं, पोयट्यात १५ ते २०, चिकणमातीत जेमतेम १० ते १२. पण चिकणमाती ते पाणी बराच काळ धरून ठेवते आणि रेती लवकर सोडून देते. म्हणून रेताड जागी थोडं थोडं पण लवकर लवकर, आणि चिकण जागी एका वेळी भरपूर पण बऱ्याच अंतराने. फुलझुडपांची अन्नपाणी शोषणारी बारीक पांढरी मुळी बहुतांशी वरच्या ३० सेंटीमीटरमध्ये असते. तेवढी माती भिजली की काम झालं.

आपलं पाणी खरंच कुठवर पोचलं हे बघायला दुसऱ्या दिवशी आळ्याच्या कडेला खुरप्याने एक उभा काप घ्या. मी पहिल्यांदा घेतला तेव्हा ओशाळले होते. अर्धा तास नळी धरून «मनसोक्त» भिजवलेल्या वाफ्यात ओल चार बोटं खाली गेली होती, त्याखाली माती धुळीसारखी कोरडी. बाकीचं पाणी वरून वाहून पायवाटेवर गेलं असणार.

नळीतून किती पाणी येतं हेही एकदाच मोजून ठेवा. १० लिटरची बादली किती वेळात भरते ते घड्याळ लावून बघा. दोन मिनिटं लागली तर मिनिटाला ५ लिटर, म्हणजे मोठ्या आळ्याला साधारण तीन मिनिटं. तोटी तेवढीच उघडी ठेवायची, एवढं लक्षात ठेवा.

कुठे आणि कसं

खोडाला पाणी घालू नका. बुंध्याजवळची मुळं जाड असतात, ती झाडाला धरून ठेवतात. पाणी पिणारी मुळी फांद्यांच्या घेराच्या कडेला आणि त्याच्याही बाहेर असते. झाडाची दुपारची सावली जमिनीवर जेवढी पडते, तिच्या कडेवर बोट ठेवा. पाणी तिथे हवं.

यासाठी दुहेरी आळं करा. बुंध्याभोवती वीतभर रुंदीची मातीची भर, बाहेरच्या बाजूला उतरती. मग घेराच्या कडेला मातीचा बांध, चार बोटं उंच. पाणी या दोहोंच्या मधल्या गोलात राहतं आणि बुंधा कोरडा राहतो. बुंध्याशी सतत ओल राहिली की साल कुजते आणि बुरशीला आयती वाट मिळते. झाड वाढेल तसा बाहेरचा बांध दरवर्षी मोडून पुढे सरकवा.

पाणी सावकाश द्या. चिकणमातीत एका दमात ओतलेलं पाणी वर तुंबतं किंवा बांध फोडून निघून जातं. आधी आळं अर्धं भरा, बाकीच्या झाडांची फेरी मारून या, तोवर ते मुरलेलं असतं, मग उरलेलं द्या. भिजलेली माती दुसऱ्या खेपेचं पाणी पहिल्यापेक्षा सहज घेते.

उन्हात पडलेल्या नळीतलं पहिलं पाणी कढत असतं. ते झाडाला नको, बादलीत धरा आणि हाताला गार लागेपर्यंत थांबा. नळीच्या तोंडाला अंगठा लावून फवारा मारायची सवयही सोडावी. पाणी पानांवर पडतं, मुळाशी कमी जातं, आणि जोराच्या धारेने वरची माती उडून मुळं उघडी पडतात. धार लावायचीच झाली तर तोंडाशी फरशीचा तुकडा ठेवा, जोर मोडतो.

ठिबक बसवणार असाल तर तोटीवरचा आकडा वाचा. ताशी ४ लिटरची एक तोटी अर्ध्या तासात २ लिटरच देते, त्यामुळे मोठ्या जास्वंदीला एकीने भागत नाही. घेराच्या कडेला तीन-चार बसवा. रेतीत तोटीखालची ओल गाजरासारखी खाली जाते, चिकणमातीत कांद्यासारखी आडवी फुगते. म्हणून रेताड जागी तोट्या जवळ जवळ. आणि ठिबक आहे म्हणून तपासणं सुटत नाही. बुजलेली तोटी कळते ती झाड वाळल्यावरच.

शेवटचं काम आच्छादनाचं. पालापाचोळा, वाळकं गवत किंवा लाकडाचा भुसभुशीत चुरा यांचा ५ ते ८ सेंटीमीटरचा थर आळ्यावर पसरा, बुंध्यापासून चार बोटं लांब. ऊन थेट मातीवर पडत नाही, ओल टिकते, तण कमी येतं. फक्त आधी माती भिजवा, मग झाका. कोरड्या मातीवर जाड थर घातला तर हलक्या सरीचं पाणी थरातच अडकतं.

वेळ

सकाळ उत्तम. ऊन चढायच्या आत झाड भरलेलं असतं आणि पानांवर उडालेलं पाणी सुकून जातं. गुलाबावर काळे ठिपके पाडणाऱ्या बुरशीला रुजायला पान सलग सातेक तास ओलं लागतं. रात्री पानं भिजवून ठेवली की तिला हवं ते आयतं मिळतं. सकाळी जमत नसेल तर संध्याकाळी द्या, पण पानं न भिजवता फक्त मातीत. दुपारच्या थेंबांनी भिंगासारखं ऊन एकवटून पानं जळतात असं नेहमी सांगितलं जातं. गुळगुळीत पानांच्या बाबतीत ती भीती खोटी आहे. दुपारी पाणी टाळायचं ते बरंचसं हवेत उडून जातं म्हणून.

कुंडी हे वेगळं प्रकरण

कुंडीत मुळांना बाहेर पडायला वाट नाही, खालची ओल वर येत नाही, आणि चारी बाजूंनी तापतं. न रंगवलेली मातीची कुंडी भिंतीतूनही पाणी सोडते, त्यामुळे प्लॅस्टिकच्या कुंडीपेक्षा लवकर सुकते. विसराळू माणसाने प्लॅस्टिक घ्यावं, पाणी घालायची हौस असणाऱ्याने मातीची.

पाणी द्यायचं ते तळाच्या भोकातून निथळेपर्यंत. कपभर पाणी रोज, ही सगळ्यात वाईट रीत. वरचं बोटभर भिजतं, तळाशी मुळं कोरडी राहतात आणि क्षार साचत जातात. मातीवर किंवा कुंडीच्या काठावर पांढरी पुटं दिसली तर एक दिवस कुंडीच्या आकारमानाच्या दुप्पट पाणी हळूहळू सोडून ती धुऊन काढा. ताटलीत साचलेलं पाणी अर्ध्या तासात ओतून टाका. नाहीतर मुळं बुडून राहतात, आणि आठ-दहा दिवसांत त्या ताटलीतून डास उडतात.

तळाशी खडे घालून निचरा सुधारतो, हा समज जुना आणि चुकीचा. बारीक मातीतलं पाणी खालच्या मोठ्या पोकळ्यांत सहज उतरत नाही. ते खड्यांच्या वर अडकून राहतं, म्हणजे चिखलाचा थर मुळांच्या आणखी जवळ येतो. भोकावर जाळीचा तुकडा पुरतो. सगळीच माती भुसभुशीत करा, आणि कुंडी दोन विटांवर ठेवा म्हणजे भोक जमिनीला चिकटून बंद होत नाही.

कधी कधी पाणी घातल्या घातल्या खालून भसकन बाहेर येतं आणि आपल्याला वाटतं, कुंडी भरली. कोरडी पडून आक्रसलेली माती कुंडीच्या भिंतीपासून सुटलेली असते आणि पाणी त्या फटीतून निसटतं. अशी कुंडी टबात काठापर्यंत बुडवून ठेवा. आधी मोठे बुडबुडे येतात, मग बारीक साखळी, मग एखाद-दुसरा. बुडबुडे थांबले की आतली हवा निघून गेली, माती भिजली. लगेच बाहेर काढून निथळत ठेवा. रात्रभर विसरलात तर पहिल्या परिच्छेदातला अनंत आठवा.

झाडागणिक तहान वेगळी

जास्वंदीला भरपूर लागतं, आणि सलग लागतं. एक आठवडा सुकवून दुसऱ्या आठवड्यात तुडुंब भरली तर ती कळ्या टाकते. अनंताचंही तसंच, शिवाय त्याला आम्लधर्मी माती हवी. जड, चुन्याच्या पाण्यावर त्याची कोवळी पानं पिवळी आणि शिरा हिरव्या अशी दिसू लागतात. ती लोहाची कमतरता असते, पाण्याची नाही. अशा झाडाला जमेल तेव्हा पावसाचं साठवलेलं पाणी द्या.

बोगनवेल उलट्या स्वभावाची. तिला लाडाने पाणी दिलं की पानं आणि लांबच लांब फांद्या फुटतात, रंग येत नाही. (रंगीत दिसतात ती फुलं नाहीतच, फुलांभोवतीची पानं आहेत.) जमिनीत नीट रुजलेली बोगनवेल बराच ताण सोसते. कुंडीतल्या वेलीलाही माती अर्ध्यापर्यंत सुकू द्या, पानं किंचित सैल पडली की भरपूर द्या, पुन्हा सुकू द्या.

मोगऱ्याचा बहर धरताना ताण मुद्दाम देतात: थंडीत पाणी तोडायचं, झाड विश्रांतीला गेलं की छाटायचं, आळं खणून खत घालायचं आणि मग पाणी सुरू करायचं. नव्या फुटीवर कळ्या येतात. घरच्या एक-दोन झाडांवरही हे जमतं, फक्त ताण म्हणजे झाड वाळवणं नव्हे. फांदी नखाने खरवडली की आत हिरवी दिसली पाहिजे.

रेन लिलीचं तर सगळं गणितच कोरड आणि पाणी यांच्यावर. कांदे काही आठवडे कोरडे ठेवून मग एकदा सणसणीत भिजवले की थोड्याच दिवसांत दांडे वर येतात. अडेनियम बुंध्यात पाणी साठवतं. पानं गाळून बसलेल्या दिवसांत त्याला जवळजवळ विसरून जा. बुंधा दाबून मऊ लागला आणि माती ओली असेल तर ती कूज आहे. जरबेराचा गड्डा मातीच्या वर राहू द्या आणि पाणी कडेने घाला, मधोमध पाणी साचलं की तो सडतो. शेवंतीची मुळं उथळ, म्हणून तिला अंतर कमी पण निचरा चोख हवा. कर्दळीला मात्र पाय ओले राहिले तरी चालतं. बागेतल्या पाणथळ कोपऱ्यात तीच लावा.

हे सगळं वाचून कळलं असेल की जास्वंद आणि बोगनवेल एकाच ठिबकाच्या ओळीवर लावणं म्हणजे एकीवर अन्याय. लावतानाच तहानेप्रमाणे गट करा.

नवं झाड

रोपवाटिकेतून आणलेल्या झाडाची सगळी मुळं पिशवीच्या आकाराच्या गोळ्यात असतात. लावल्यावर भोवतीची माती ओली असली तरी गोळा आतून कोरडा पडू शकतो, कारण मुळं अजून बाहेर आलेलीच नसतात. म्हणून पहिले दोन-तीन आठवडे पाणी बुंध्याजवळ, गोळ्यावरच. वर सांगितलेल्या नियमाला एवढा एक अपवाद. या काळात रोज किंवा एक दिवसाआड बोट घालून बघा. नवी पालवी दिसू लागली की आळं बाहेर सरकवा आणि अंतर वाढवत न्या. पहिलं वर्ष संपेपर्यंत मात्र झाडाला पूर्ण मोकळं सोडू नका.

छाटणीनंतर उलटी चूक होते. पानं निम्मी झाली म्हणजे पाण्याचा खपही घटला, आणि आपण प्रेमाने नेहमीएवढंच घालत राहतो. नवी फूट बोटभर होईपर्यंत हात आखडता ठेवा. आणि खत कधीही कोरड्या मातीत घालू नका. आदल्या दिवशी पाणी, मग खत, मग पुन्हा थोडं पाणी.

पाऊस आणि थंडी

पाऊस पडला म्हणजे पाणी मिळालं असं धरू नका. एक फूट तोंडाच्या कुंडीवर १० मिलिमीटर पाऊस पडला तर तिच्यात जातं फक्त ७०० मिलिलिटर, आणि झाड दाट असेल तर पानं छत्रीसारखी त्यातलंही बाहेर टाकतात. वळचणीखालच्या कुंड्या तर भर पावसाळ्यात वाळतात. याउलट झड लागली की ताटल्या काढून ठेवा, भोकं काडीने मोकळी करा, जमिनीतल्या आळ्यांचे बांध एका बाजूने फोडून पाण्याला वाट करून द्या.

थंडीत वाढ मंदावते, ऊन कोवळं असतं, दोन पाण्यांमधलं अंतर आपोआप दुप्पट होतं. या दिवसांत मी बोटाने तपासून कोरडं लागलं तरी आणखी एक दिवस थांबते.

माना टाकलेलं झाड

माती हातात घ्या. कोरडी असेल तर बुडवा किंवा भिजवा, सावलीत ठेवा, बहुतेक झाडं काही तासांत उभी राहतात. माती ओली आहे आणि तरी झाड मलूल आहे, खालची पानं पिवळी होऊन सहज गळतायत, कुंडीवर बारीक काळ्या माश्या उडतायत: पाणी ताबडतोब बंद. झाड काढून मुळं बघा. पांढरी, करकरीत असतील तर परत ठेवा आणि नुसतं सुकू द्या. तपकिरी, बुळबुळीत असतील तेवढी स्वच्छ कात्रीने कापा, वरच्या फांद्याही त्याच प्रमाणात कमी करा, नव्या भुसभुशीत मातीत लहान कुंडीत लावा आणि उजेडात पण उन्हाबाहेर ठेवा. खत महिनाभर नाही. निम्म्याहून जास्त मुळं गेली असतील तर हिरव्या फांद्यांची छाट कलमं लावून ठेवलेली बरी.

पानांच्या कडा तपकिरी आणि कुरकुरीत, बाकी पान हिरवं: वारा, अनियमित पाणी किंवा क्षार. पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्राच्या फेकून दिल्या जाणाऱ्या पाण्यात क्षार दाट होतात, ते कुंड्यांना नेमाने घालू नका. मिठाने मृदू केलेलं पाणी तर अजिबात नको. एसीतून ठिबकणारं पाणी चालतं. नळाच्या पाण्यातलं क्लोरीन रात्रभर उडवत बसायचीही गरज नाही, पिण्याच्या पाण्यात असतं तेवढ्याने झाडं बिघडत नाहीत.

चार दिवस घर बंद असेल तेव्हा

निघायच्या आदल्या संध्याकाळी सगळ्या कुंड्या भरपूर भिजवून निथळू द्या आणि उन्हातून काढून एकमेकींना चिकटवून सावलीत ठेवा. तेवढ्याने तीन-चार दिवस निघतात. उमललेली फुलं आणि मोठ्या कळ्या तोडून टाकल्या तर तहान आणखी घटते. आठवड्याहून जास्त असेल तर सुती दोरीचं एक टोक कुंडीत वीतभर खोल पुरा, दुसरं उंचावर ठेवलेल्या बादलीत तळापर्यंत सोडा. दोरी आधी भिजवलेली हवी, नाहीतर पाणी चढायला सुरुवातच होत नाही. निघण्याआधी दोन दिवस चालवून बघा. जाड दोरीने कुंडीत चिखल होतो, बारीक दोरी पुरी पडत नाही.

जमिनीतल्या झाडांसाठी न रंगवलेलं मातीचं मडकं तोंडापर्यंत पुरून ठेवा, पाणी भरा, वर झाकण. भोवतीची माती सुकेल तसं भिंतीतून पाणी पाझरतं आणि ओल असेल तर पाझर मंदावतो. ही पद्धत सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच्या चिनी शेतीग्रंथात नोंदलेली आहे. मडकं घेराच्या निम्म्यावर पुरा, बुंध्याला टेकवून नको, आणि घेताना आतून-बाहेरून चकाकी नसलेलंच बघा. खात्री करायला रिकाम्या मडक्यात पाणी भरून तासाभराने बाहेरून हात फिरवा, ते ओलसर लागलं पाहिजे.

परत आल्यावर दारातूनच झारी उचलू नका. आधी प्रत्येक कुंडीत बोट घाला.